मी ओरेस्टचा पत्ता बदलला

माझ्या तोंडाला कुलूप नाही, हे आमच्या गावात कुणालाही विचारा. कुणाचा नवरा तळघरात झोपतो, चर्चच्या विक्रीत दुकानातला केक घरचा म्हणून कुणी ठेवला, धान्य-कोठाराच्या मॅनेजरने केसांना कुठला रंग लावला, सगळं आधी मला कळतं आणि माझ्याकडून गावाला. माझा दोष नाही. घराच्या पुढच्या खोलीत माझं केस कापायचं दुकान आहे. खुर्चीत बसवून माणसाची मान पुढे वाकवली की तो आपसूक बोलायला लागतो. मी फक्त ऐकते आणि पुढे पोचवते. पोस्टासारखंच, पण वेळेवर.

एकच गोष्ट मी तीन वर्षं पोटात ठेवली आहे. ती माझ्या शेजाऱ्याची, ओरेस्ट पास्नाकची.

ओरेस्टने आमच्या गावच्या आइस हॉकीच्या रिंकवर एकतीस वर्षं बर्फ राखला. "बर्फ काय, पाणी गोठलं की झाला," असं मी एकदा कुंपणावरून म्हणाले, तर गडी आठ दिवस माझ्याशी बोलला नाही. नवव्या दिवशी आला आणि म्हणाला, "पोरी, गरम पाण्याचा बर्फ घट्ट बसतो. थंड पाण्याचा ठिसूळ होतो." एवढं सांगून परत गेला. आठ दिवस त्याने हे वाक्य तयार केलं असणार. ऑक्टोबर लागला की तो नळीने पाण्याचा एक पातळ थर द्यायचा, तो धरला की दुसरा, असे वीस थर. मग खिळा रोवून जाडी बघायची. बायको लेस्या जिवंत होती तेव्हा म्हणायची, "लग्नात माझ्याबरोबर नाचताना याने एवढं जपून पाऊल टाकलं असतं तर माझी बोटं वाचली असती."

त्यांचा मुलगा मायरन सहा वर्षांचा असताना पहिला सामना खेळला. अकरा-शून्य असे हरले. परत येताना ट्रकमध्ये पोरगं रडत नव्हतं, पण नाक ओढत होतं. त्याने विचारलं, "टाटो, काय पाहिलंस?" टाटो म्हणजे बाबा. आमच्याकडे युक्रेनी घरांत असंच म्हणतात. ओरेस्टने पुढच्या काचेवरचं धुकं पुसलं. मग म्हणाला, "डावा पाय उशिरा येतो."

झालं. तेव्हापासून तो नेमच पडला. प्रत्येक सामन्यानंतर पोरगा विचारणार, "काय पाहिलंस?" आणि बाप एक वाक्य सांगणार. एकच. काठी उंच धरतोस. मान वर करत नाहीस. थकलास की उजवीकडे वळतोस. आणि पुष्कळ वेळा तेच जुनं, डावा पाय उशिरा येतो. शाबासकी म्हणून कधी नाही.

"अरे मेल्या, एकदा तरी छान खेळलास म्हण की!" मी म्हणायची.

"छान म्हटल्यावर त्याने दुरुस्त काय करायचं?"

"दोन गोष्टी तरी सांग."

"दुसरी सांगितली की पहिली विसरतो."

असा हा बाप. आणि गंमत म्हणजे पोराला तेच हवं असायचं. पुढे मायरन खालच्या लीगमध्ये गेला, अमेरिकेतल्या कुठल्याकुठल्या गावांत, रात्र-रात्र बसचे प्रवास करत. सात वर्षं. लेस्याही त्या काळात गेली. पण सामना संपला की ओरेस्टकडे फोन वाजायचाच. ओरेस्ट कॉम्प्युटरवर तळहाताएवढ्या चित्रात सगळा सामना नाक लावून पाहायचा. इतकी वर्षं उलटली तरी मायरन "कसा आहेस" असं आधी विचारायचा नाही. आधी, "काय पाहिलंस?"

सत्ताविसाव्या वर्षी, फेब्रुवारीत, मायरनचं नशीब उघडलं. तेही दुसऱ्यांच्या गालांमुळे. पश्चिमेकडच्या मोठ्या संघात चौघांना एकदम गालगुंड झालं आणि त्यांनी रविवारच्या सामन्यासाठी मायरनला वर बोलावलं. दुपारी तीनचा सामना. एक दिवसाचं बोलावणं, पुढचं पुढे. सात वर्षांत पहिल्यांदा.

मायरनचा फोन आला तेव्हा मी तिथेच होते, बीटाच्या सुपाचं, बोर्शचं, पातेलं घेऊन. ओरेस्ट पुढच्या खोलीत पलंगावर आडवा. जानेवारीत त्याचं खुब्याचं हाड मोडलं होतं. एकतीस वर्षं बर्फावर चालला, कधी पडला नाही, आणि पडला पोस्टाच्या पायरीवर. हाडात खिळे ठोकले होते. नर्सची ताकीद होती की अजून दोन आठवडे अर्ध्या तासापेक्षा जास्त बसायचं नाही आणि गाडीत तर अजिबात नाही.

"पाहशील ना, टाटो?" मायरन विचारत होता. फोनमधून एवढं मोठ्याने की मलाही ऐकू आलं.

"पाहीन."

"मग सामना झाल्यावर फोन करतो."

"कर."

एवढंच बोलणं. फोन ठेवल्यावर ओरेस्ट छताकडे बघत म्हणाला, "व्हर्ना, खिडकी उघड. गरम होतंय." बाहेर उणे सव्वीस होतं.

आता अडचण सांगते. आमचं गाव मॅनिटोबा प्रांतात, पण अगदी काठाला. चार मैलांवर लाइन, म्हणजे प्रांताची हद्द आहे, तिच्यापलीकडे सस्कॅचेवान. हॉकीवाल्यांनी देश वाटून घेतला आहे. मॅनिटोबा विनिपेगच्या संघाचा. सस्कॅचेवान विनिपेगचाही आणि पश्चिमेकडच्या संघांचाही. ज्याचा प्रांत, त्यालाच चॅनेलवर सामना दिसणार. म्हणजे पश्चिमेकडच्या संघाचा सामना लाइनीपलीकडच्या गायींनासुद्धा दिसतो आणि आमच्या टीव्हीवर मात्र काळा पडदा येतो. देशभर दाखवायच्या यादीत हा सामना नव्हता. कुणाचा कुठला प्रांत हे पिनकोडावर ठरतं. आमचा आर अक्षराने सुरू होतो, पलीकडचा एस ने. आमच्या गावची पोरं पाळण्यातच हे शिकतात.

म्हणून गाव रोज सकाळी जमतं त्या कॉफीच्या टेबलावर शनिवारपर्यंत सगळ्यांचं ठरलं. रविवारी अख्खं गाव ट्रक काढून पलीकडच्या बारमध्ये जाणार. मायरनच्या नावाचं कापड रंगवलं गेलं. राहिला फक्त मायरनचा बाप.

"त्याचं काय?" कुणीतरी विचारलं.

"त्याची काळजी तुम्हाला नको," मी म्हणाले. मला एक युक्ती सुचली होती, आणि मला युक्ती सुचली की माझ्या अंगात येतं.

ओरेस्ट पडल्यापासून त्याचे कागद मीच बघत होते. टीव्हीच्या कंपनीचा पासवर्ड त्याने फ्रिजवर चिकटवून ठेवला होता. ओरेस्टची थोरली बहीण स्टेफ्का लाइनीपलीकडे अकरा मैलांवर शेतावर राहते. तिचा पिनकोड एस चा. मी बुधवारीच ओरेस्टच्या खात्यात शिरले आणि त्याचा पत्ता काढून स्टेफ्काचा घातला. एका मिनिटाचं काम. कागदोपत्री आपला ओरेस्ट सस्कॅचेवानात राहायला गेला. त्याला मुद्दामच सांगितलं नाही. रविवारी तोंड कसं होतं ते मला बघायचं होतं. कॉफीच्या टेबलावर मात्र सांगितलं, तीनदा.

रविवारी अडीचला मी पेरोगीचं, म्हणजे बटाटा भरून उकडलेल्या करंज्यांचं, ताट, आंबट साय आणि दोन बिअर घेऊन पोचले. रस्ता ओस. एकूण एक ट्रक गेलेले. ओरेस्टने दाढी केली होती. पलंगावर पडून स्वच्छ शर्ट घातलेला, गळ्यापर्यंत बटणं लावलेली.

"अरे वा! तूच खेळणार आहेस की काय?"

"बस. बडबड करू नकोस. तीनला सुरू होईल."

"म्हाताऱ्या, तुला दिसणार कसा ते तरी विचार!" आणि मी छाती काढून माझी युक्ती सांगितली.

त्याच्या चेहऱ्याचं मला काही कळेना. तो हसला नाही. रागावलाही नाही. म्हणाला, "मला लागत नव्हतं, पोरी. माझ्याकडे आहे."

"काय आहे?"

"लांबच्या सामन्यांचं पॅकेज. जादा पैसे भरले की दुसऱ्या प्रांतातल्या संघांचे सामने दिसतात. दर ऑक्टोबरात घेतो."

हा माणूस चहाची पिशवी दोनदा वापरतो. सात वर्षं, पोरगा ज्या लीगमध्ये नव्हताच त्या लीगचं पॅकेज हा घेत होता. कुणाला न सांगता. का, तर कधी बोलावलं तर असावं.

"मग त्यावर लाव की!"

त्याने रिमोट दाबला. काळा पडदा. वर पांढरी अक्षरं: हा सामना तुमच्या भागातला आहे, तुमच्या स्थानिक चॅनेलवर पाहा. ओरेस्टने चॅनेल लावलं. काळा पडदा. हा सामना तुमच्या भागात दाखवता येत नाही.

मी पॅकेज लावलं. मी चॅनेल लावलं. बॉक्सची वायर काढून फुंकर मारली, परत लावली. तीन वाजून गेले.

कंपनीला फोन लावला. पंधरा मिनिटं बासरी ऐकवली, मग एक गोड आवाजाची मुलगी आली.

"मॅडम, तुम्ही सस्कॅचेवानात राहता. तिथे हा सामना स्थानिक आहे, म्हणून पॅकेजवर येणार नाही."

"मग चॅनेलवर का येत नाही?"

"चॅनेलचा बॉक्स तारेवर चालतो. तुमची तार मॅनिटोबात आहे."

"म्हणजे आम्ही मॅनिटोबात राहतो, बाई!"

"मग पत्ता का बदललात?"

"परत बदलते. आत्ता बदलते."

"पत्ता तीस दिवसांतून एकदाच बदलता येतो, मॅडम. आणखी काही मदत करू का?"

तार मॅनिटोबातली म्हणून चॅनेल बंद. पत्ता सस्कॅचेवानचा म्हणून पॅकेज बंद. मी हात लावला नसता तर ओरेस्ट तीन वाजता बिअर फोडून मुलाला बघत बसला असता.

"चल, उचलून नेते तुला," मी म्हणाले.

"तुला तुझी मांजर उचलत नाही."

मी बारमध्ये फोन केला, की चार गडी पाठवा. त्या गोंगाटात कुणी उचलला नाही. ओरेस्टने एकट्यानेच उठून बसायचा प्रयत्न केला आणि त्याचा चेहरा चुन्यासारखा झाला. मी त्याला परत आडवं केलं. तेवढ्यात मला स्टेफ्का आठवली. तिच्याकडे टीव्ही होता, चॅनेल होतं, पिनकोड एस चा होता. फोन लावून ओरेस्टच्या कानाला दिला. स्टेफ्का बहिरट आहे म्हणून ओरडते, त्यामुळे मलाही सगळं ऐकू येत होतं.

"स्टेफ्का, टीव्ही लाव. मायरन दिसतो का सांग."

"लावलाय. सगळे सारखेच दिसतात रे."

"बासष्ट नंबर."

"नंबर पळतात रे! थांब. एकजण पडला."

"कोण?"

"गोरा आहे."

"सगळे गोरे आहेत, स्टेफ्का!"

"ओरडू नकोस माझ्यावर. पडलेला उठला. चांगला मुलगा आहे बिचारा. याचे दात कुठे गेले?"

"स्टेफ्का, बासष्टचा डावा पाय बघ. वळताना डावा पाय कधी येतो ते बघ."

"पाय? अरे, पाय कोण बघतं? आता जाहिरात लागली. चिकनची."

मी हसले. खरंच हसले, काय करू, माझा स्वभाव. ओरेस्टने फोन छातीवर उलटा ठेवला. स्टेफ्का छातीवरूनच चिकनचं वर्णन करत राहिली.

मग मी माझ्या मोबाइलवर पश्चिमेकडच्या संघाचा रेडिओ शोधून लावला. दीड तासात मायरनचं नाव तीनदा आलं, त्यात एकदा चुकीचं. एकदा म्हणाले, पास्नाक आत आला. एकदा म्हणाले, पास्नाक बाहेर गेला. मध्ये काय केलं ते रेडिओलाच ठाऊक. संघ दोन-एकने हरला. पेरोगी तशीच पडून होती. वर साय जमून तिची कातडी झाली होती.

"आता फोन येईल," ओरेस्ट म्हणाला.

"मग त्यात काय? नेहमीचंच सांग. डावा पाय उशिरा येतो. वीस वर्षं तेच सांगतोयस."

त्याने माझ्याकडे पाहिलं. "आणि आज वेळेवर आला असेल तर?"

मी पेरोगीचं ताट उचलून आत ठेवून आले.

"मग खरं सांग," मी म्हणाले. "व्हर्ना नावाच्या गाढवीने घोळ घातला म्हण. माझ्याकडे दे फोन, मीच सांगते."

"तू बोलायचं नाहीस."

"का?"

"तो तुझ्यावर चिडेल. मग मला बोर्श कोण आणणार?"

हे तो थट्टेत म्हणाला की कसं, मला आजही सांगता येणार नाही. ओरेस्टची थट्टा आणि ओरेस्टचं बाकीचं बोलणं एकाच आवाजात येतं.

फोन वाजला. पलीकडे कपडे बदलायच्या खोलीतला कल्ला चालू होता, आणि त्यात मायरनचा आवाज, धापा टाकत, सहा वर्षांचा असल्यासारखा.

"टाटो! काय पाहिलंस?"

ओरेस्टने एक बोट वर करून मला गप्प राहायची खूण केली. गळ्याचं वरचं बटण सोडलं.

"नाही पाहिलं," तो म्हणाला. "दुखण्याची गोळी घेतली होती. डोळा लागला."

तिकडचा कल्ला तसाच चालू होता. मायरन त्यात कुठेच नव्हता. मग म्हणाला, "पूर्ण सामना?"

"पूर्ण."

"बरं. आराम कर."

माझं तोंड तेव्हा उघडं होतं. एक ओरड पुरली असती. आणि खरं सांगते, मी बोटाकडे पाहून गप्प बसले नाही. मला सुटल्यासारखं वाटलं, म्हणून बसले. अख्खं गाव तासाभरात परत येणार होतं, कॉफीच्या टेबलावर मी तीनदा शेखी मिरवली होती, आणि ओरेस्टने सगळं स्वतःवर घेतलं होतं. गावाला मी सांगितलं, टीव्ही चालला होता, पण म्हातारा झोपला. लोक हसले. मीही हसले.

मंगळवारी मायरनला परत खाली पाठवलं. गालगुंडवाले बरे झाले होते. त्याच संध्याकाळी सामन्यावरची बंदी उठली. दोन दिवस झाले की जुना सामना कुणालाही बघता येतो, असा नियम आहे. ओरेस्टने मला बोलावलं. आम्ही दोघांनी पाहिला. मायरन सगळा मिळून पाच मिनिटं अकरा सेकंद बर्फावर होता. ओरेस्टने ती पाच मिनिटं अकरा सेकंद चारदा पाहिली, थांबवून, मागे नेऊन.

"वेळेवर येतोय," तो म्हणाला. "प्रत्येक वळणावर."

"मग लाव फोन! आत्ता लाव!"

त्याने लावला. म्हणाला, "मायरन, डावा पाय वेळेवर आला. सगळ्या वळणांना."

पलीकडून मायरन म्हणाला, "कुणी सांगितलं?"

"पाहिलं. आज."

"बरं, टाटो. बसची वेळ झाली." फोन ठेवला.

त्यानंतर फोन यायचे. हवा, खुबा, स्टेफ्काचे गुडघे. सामन्यानंतर नाही, रविवारी सकाळी, जेवणाआधी. "काय पाहिलंस" असं त्याने पुन्हा विचारलं नाही. ओरेस्ट मात्र मोसम संपेपर्यंत प्रत्येक सामना बघत राहिला, तळहाताएवढ्या चित्रात, आणि एकेक वाक्य तयार ठेवत राहिला. ती मला सांगायचा. मला काय कळतंय त्यातलं? मी मान हलवायची.

मे महिन्यात मायरनने खेळ सोडला. खांदा गेला म्हणाला. आता लाइनीपलीकडे पोटॅशच्या खाणीत कामाला आहे. तिथे त्याला सगळे सामने दिसतात. बघत नाही म्हणे. ओरेस्टने पुढच्या ऑक्टोबरात पॅकेज घेतलं नाही. खात्यावर पत्ता अजून स्टेफ्काचाच आहे. तीस दिवस कधीच होऊन गेले. मी दोनदा म्हणाले, बदलू का. तो म्हणाला, राहू दे.

मायरन महिन्यातून एकदा येतो. बापाच्या दारातला बर्फ फावड्याने काढतो, औषधं आणून देतो, दोघं जेवतात. भांडण नाही, काही नाही. परतताना माझ्याकडे केस कापायला बसतो.

गेल्या खेपेला मी त्याची मान पुढे वाकवली, मशीन चालू केलं, आणि सगळेच बोलतात तसा तोही बोलला. मान खालीच ठेवून.

"व्हर्ना, तू होतीस ना त्या दिवशी तिथे?"

"होते."

"खरंच झोपला होता?"

मशीन हातात गरगरत होतं. समोर खिडकी, खिडकीपलीकडे कुंपण, आणि कुंपणाला टेकून, वॉकर बर्फात रोवून, ओरेस्ट उभा होता. त्याला ऐकू येणं शक्यच नव्हतं. तरी त्याने माझ्याकडे पाहिलं आणि हळूच मान हलवली. नाही.

"गोळ्या फार जोराच्या होत्या रे," मी म्हणाले. "मान खाली घे. कानामागे राहिलंय."